टोकियोच्या यानाका, नेझू, सेंदागी भागात गाईडसोबत पायी कसं फिरायचं: सगळी तयारी आणि रूट

टोकियोला जाणाऱ्या आपल्या लोकांची यादी साधारण ठरलेली असते. शिबुयाचं क्रॉसिंग, असाकुसाचं देऊळ, स्कायट्री, अकिहाबारा, मुलं बरोबर असतील तर डिस्नी आणि एक दिवस फुजी. यादी चांगलीच आहे, त्यातलं काही काढा असं मी म्हणणार नाही, पण कसंही करून त्यात अर्धा दिवस घुसवा आणि यानाका, नेझू, सेंदागी या एकमेकांना चिकटून असलेल्या तीन वस्त्यांमधे पायी फिरा. तिथले लोक तिन्हीला मिळून यानेसेन म्हणतात. आणि जमलं तर गाईड घेऊनच फिरा, याबद्दल माझं मत अगदी पक्कं आहे.

कारण असं की इथं "बघण्यासारखं" म्हणून बोट दाखवता येईल असं फार काही नाही. गल्ल्या आहेत, देवळं आहेत, लाकडी घरं आहेत, कुंड्या आहेत. बिनगाईडचे बरेच लोक निप्पोरी स्टेशनला उतरतात, बाजाराच्या गल्लीतून एक चक्कर मारतात, पायऱ्यांवर फोटो काढतात आणि पाऊण तासात परत ट्रेनमधे, मग घरी येऊन सांगतात की ठीक होतं, विशेष काही नव्हतं. चांगला गाईड तुम्हाला माहिती देतो ती वेगळी, ती पुस्तकातही मिळते, पण तो तुम्हाला थांबवतो. नेमकं कुठं थांबायचं, कुठं आवाज कमी करायचा, कुठल्या बोळात शिरलं तर चालतं आणि कुठला बोळ म्हणजे कुणाच्या तरी घरचं अंगण आहे, हे त्याच्याशिवाय कळत नाही.

आधी एवढं माहीत असू द्या

१६५७ साली एदो शहराला, म्हणजे आजच्या टोकियोला, प्रचंड मोठी आग लागली आणि अर्ध्याहून जास्त शहर जळालं. त्यानंतर शहराच्या मधली बरीच देवळं बाहेरच्या बाजूला हलवली गेली, त्यातली कितीतरी यानाकाला आली. आजही एवढ्याशा भागात सत्तरच्या आसपास बौद्ध देवळं आहेत. नंतर १९२३ चा भूकंप झाला, १९४५ ची बॉम्बफेक झाली, बाकी टोकियो दोनदा नव्यानं उभं राहिलं, पण हा भाग बऱ्याच अंशी वाचला. म्हणून इथले रस्ते वाकडेतिकडे आणि अरुंद आहेत. १९८४ मधे इथल्याच काही बायकांनी या वस्तीबद्दल एक छोटं मासिक सुरू केलं, म्हाताऱ्या माणसांकडे जाऊन आठवणी लिहून घेतल्या, ते २००९ पर्यंत चाललं. यानेसेन हे नाव त्या मासिकामुळेच सगळीकडे पसरलं आणि जुनी घरं पाडू नयेत याचं भान लोकांमधे यायलाही त्याचा मोठा हात आहे असं मला मनापासून वाटतं.

गाईड कसा निवडायचा

तीन प्रकार आहेत. पहिला म्हणजे स्वयंसेवक गाईड, जपानमधे यांना गुडविल गाईड म्हणतात. बहुतेक निवृत्त लोक किंवा कॉलेजची मुलं, इंग्लिश बोलायला मिळावं आणि आपलं शहर दाखवावं एवढ्यासाठी येतात, फी घेत नाहीत. पण त्यांचं ट्रेनचं भाडं, तिकिटं आणि एकत्र जेवलात तर त्यांचं जेवण आपण द्यायचं असतं, ते आधीच विचारून घ्या म्हणजे नंतर अवघडायला नको. जपानच्या सरकारी पर्यटन संस्थेच्या साइटवर अशा ग्रुप्सची यादी मिळते, मात्र दोन-तीन आठवडे आधी लिहायला लागतं, ऐनवेळी कुणी मिळेलच असं नाही.

दुसरा प्रकार पैसे भरून छोट्या ग्रुपमधे जायचा. बुकिंगच्या अ‍ॅपवर ढीगभर मिळतात. इथं एकच गोष्ट नीट बघायची, ग्रुपमधे जास्तीत जास्त किती माणसं. सहा-आठच्या वर असतील तर सोडून द्या, स्वस्त असलं तरी सोडून द्या. कारण या गल्ल्यांमधे पंधरा माणसं एकदम उभी राहिली की सायकलवाल्या आजींना जायला जागा उरत नाही, आणि मागच्या चार माणसांना गाईडचं काही ऐकू येत नाही ते वेगळंच. तिसरा प्रकार प्रायव्हेट, फक्त तुमचं कुटुंब. महाग पडतो, पण चार-पाच जण असाल, बरोबर आईबाबा किंवा लहान मुलं असतील, तर माणशी हिशोब केला की फरक वाटतो तेवढा राहत नाही आणि आपल्या चालीनं चालता येतं.

एक गोष्ट लक्षात ठेवा. जपानमधे गाईडची सरकारी परीक्षा आहे आणि ती बऱ्यापैकी अवघड आहे. पूर्वी लायसन्सशिवाय पैसे घेऊन परदेशी भाषेत गाईडचं काम करता येत नव्हतं, जानेवारी २०१८ पासून नियम सैल झाला, आता कुणीही करू शकतं. लायसन्स नसलेला गाईड वाईट असतो असं अजिबात नाही, त्या वस्तीत राहणारा एखादा माणूस लायसन्सवाल्यापेक्षा जास्त जीव लावून दाखवेल. पण म्हणूनच बुकिंगच्या आधी मेसेज करून चार प्रश्न विचारावेत, तुम्ही या भागात राहता का किंवा किती वर्षं इथं फिरवताय, रूटमधे कब्रस्तान आणि नेझूचं देऊळ दोन्ही आहे का, पाऊस आला तर काय, आणि आम्ही शाकाहारी आहोत तर खाण्याच्या थांब्यांचं काय. उत्तर कसं येतं यावरून माणूस कळतो. ज्यानं "काही प्रॉब्लेम नाही" एवढंच लिहिलं त्याच्यापेक्षा ज्यानं "सोमवारी येऊ नका, बरंच बंद असतं, मंगळवारी या" असं लिहिलं तो घ्या.

कधी जायचं

सोमवार आणि गुरुवार टाळा. सोमवारी टोकियोतली बरीच म्युझियम बंद असतात आणि इथलं असाकुरा शिल्पकला म्युझियम सोमवार आणि गुरुवार दोन्ही दिवशी बंद असतं. ते बंद असेल तर वॉकमधली अर्धी मजा गेली असं मी म्हणेन. शनिवार-रविवारी बाजाराच्या गल्लीत गर्दी होते. म्हणून मंगळवार किंवा शुक्रवार, सकाळी नऊ-साडेनऊला सुरुवात. बुधवारी काही दुकानांना सुट्टी असते पण चालून जातं.

मार्चचा शेवट ते एप्रिलची सुरुवात साकुरा असतो, कब्रस्तानातला मधला रस्ता दोन्ही बाजूंनी फुलतो. एप्रिलमधे नेझूच्या देवळात अझेलिया फुलतात, तीन हजारांच्या आसपास झुडपं एका उतारावर आहेत, त्या बागेसाठी तेव्हा थोडं शुल्क असतं आणि गर्दीही खूप असते. जून ते जुलैच्या मध्यापर्यंत त्यांचा पाऊस, आपल्या कोकणासारखा धो धो नाही पण चिकचिकीत. जुलैअखेर आणि ऑगस्ट नकोच, दमट गरमीत चार तास चालणं वयस्कर माणसांना झेपत नाही. मला विचाराल तर नोव्हेंबरचा शेवट ते डिसेंबरचा मध्य, हवा कोरडी, आकाश निळं, जिंकोची झाडं पिवळी आणि माणसं कमी. फक्त तेव्हा साडेचारलाच सूर्य मावळतो हे धरून चाला.

पोचायचं कसं

सुरुवात निप्पोरीला, शेवट नेझूला. निप्पोरी यामानोते लाइनवर आहे म्हणजे टोकियोतल्या कुठल्याही मोठ्या स्टेशनवरून सोपं. नारिता एअरपोर्टवरून येणारी स्कायलायनर पण निप्पोरीला थांबते, साधारण चाळीस मिनिटं लागतात. निशी-कासाईला नातेवाईक किंवा मित्रांकडे उतरला असाल (आपले बरेच मराठी लोक तिकडे राहतात) तर तोझाई लाइननं ओतेमाची, तिथून चियोदा लाइन पकडून निशी-निप्पोरी, आणि मग यामानोतेनं एक स्टेशन. परत जाताना नेझूवरून थेट चियोदा लाइन मिळते, ते जास्त सोयीचं.

निप्पोरीला बाहेर पडायचे रस्ते अनेक आहेत आणि इथंच लोक चुकतात, त्यामुळे गाईडला नेमकं कुठल्या एक्झिटला भेटायचं ते लिहून घ्या, वेस्ट एक्झिट असेल तर तिकीट गेटच्या आत की बाहेर तेही विचारा. ठरलेल्या वेळेच्या पाच मिनिटं आधी उभे राहा. जपानी माणूस दहाला म्हणाला की तो नऊ पन्नासपासून तिथं असतो, आणि आपण दहा वाजून दहा मिनिटांनी पोचलो तर तो काही बोलणार नाही पण त्याचं पुढचं सगळं गणित कोलमडतं.

बरोबर काय घ्यायचं

पटकन काढता-घालता येतील असे बूट, आणि पायात चांगले मोजे. असाकुरा म्युझियममधे बूट काढून आत जायचं असतं आणि मोजे घातल्याशिवाय आत सोडत नाहीत, सँडल घालून जाणार असाल तर मोजे पिशवीत टाका. सुटे पैसे, म्हणजे १०० येनची नाणी आणि १००० च्या नोटा, कारण जुन्या दुकानांमधे कार्ड चालेलच असं नाही. ट्रेनच्या भाड्यासाठी सुइका किंवा पास्मो हे प्रीपेड कार्ड. एक छोटी कचऱ्याची पिशवी, रस्त्यावर कचराकुंडी नसते, आपला कचरा आपल्याबरोबर. मोठी बॅग आणू नका, स्टेशनच्या लॉकरमधे ठेवा. छोटा रुमाल, कारण बऱ्याच सार्वजनिक टॉयलेटमधे हात पुसायला काही नसतं. बास.

आता प्रत्यक्ष चालायला लागू

सगळं मिळून चार-पाच किलोमीटर होतात, म्युझियम आणि खाणं धरून चार-साडेचार तास. बहुतेक गाईड हाच भाग थोडा इकडेतिकडे करून दाखवतात. तुमचा गाईड वेगळा क्रम घेत असेल तर हट्ट करू नका, पण खालचे थांबे त्यात आहेत का ते बघा.

वेस्ट एक्झिटवरून चढ लागतो, त्याला गोतेनझाका म्हणतात. काही मिनिटांत उजव्या हाताला क्योओजी नावाचं देऊळ. त्याच्या लाकडी दरवाजाजवळ जाऊन बघा, लाकडात भोकं दिसतील, बोट जाईल एवढी. १८६८ मधे शोगुनच्या, म्हणजे तोपर्यंत जपानवर राज्य करणाऱ्या लष्करी सरदाराच्या, बाजूचे सैनिक आणि नव्या सम्राटाच्या सरकारचं सैन्य यांची इथं जवळच उएनोला लढाई झाली, हरलेले सैनिक इकडे पळून आले, त्या गोळ्यांच्या खुणा आहेत. दीडशे वर्षं झाली, कुणी ते लाकूड बदललं नाही.

तिथून कब्रस्तानात. आपल्याकडे स्मशानात फिरायला जायचं म्हटलं की घरातली मोठी माणसं नाक मुरडतील, पण यानाकाचं कब्रस्तान एखाद्या बागेसारखं आहे, लोक इथून ऑफिसला जातात, आजोबा कुत्र्याला फिरवतात, शाळेची मुलं जातात. १८७४ मधे सुरू झालं, साधारण सात हजार थडगी आहेत. सुरुवातीलाच तेन्नोजी देऊळ आहे, त्याच्या अंगणात १६९० सालची ब्राँझची बुद्धमूर्ती उघड्यावर बसलेली आहे, आधी तिथं पाच मिनिटं गप्प बसा. मग मधल्या रस्त्यानं चालत गेलं की एका मोकळ्या चौकोनात फक्त पायाचे दगड दिसतात. तिथं पाच मजली लाकडी पॅगोडा होता, १९५७ मधे एका जोडप्यानं आत आग लावून जीव दिला आणि पॅगोडाही गेला. पुन्हा बांधला नाही.

इथं गाईडला सांगा की शिबुसावा एइइची यांचं थडगं दाखवा. खिशातली दहा हजार येनची नवी नोट काढा, जुलै २०२४ पासून त्या नोटेवर यांचाच चेहरा आहे. जपानमधली पहिली आधुनिक बँक आणि शेकडो कंपन्या उभ्या करण्यात यांचा हात होता, आणि आपल्याशी यांचा सरळ संबंध आहे. १८९३ मधे जमशेटजी टाटा जपानला गेले तेव्हा या दोघांचं बोलणं झालं आणि त्याच वर्षी जपानच्या निप्पॉन युसेन कंपनीनं टाटांच्या साथीनं मुंबई ते कोबे बोट सुरू केली, आपला कापूस तिकडच्या गिरण्यांना जायला लागला. तोपर्यंत तो धंदा परदेशी बोट कंपन्यांच्या हातात होता आणि ते म्हणतील ते भाडं द्यावं लागायचं. मुंबईच्या माणसाला यानाकात एवढा जवळचा धागा सापडतो हे मला फार आवडतं. आणि याच कब्रस्तानाच्या दक्षिण भागात शेवटचा शोगुन तोकुगावा योशिनोबूचं थडगं आहे, गोल घुमटासारखं, कुंपणाच्या आत. शिबुसावा तरुणपणी याच योशिनोबूच्या नोकरीत होते.

आता जे दाखवायलाच हवं ते सांगतो. थडग्यांच्या मागं उंच, पातळ लाकडी फळ्या उभ्या खोचलेल्या असतात, माणसापेक्षा उंच, वरच्या टोकाला दोन्ही बाजूंनी खाचा पाडलेल्या. वारा आला की एकमेकांवर आपटून खट खट वाजतात. घरचे लोक वर्षश्राद्धासारख्या दिवशी देवळाला सांगून त्या लिहून घेतात. जवळ जाऊन वरची अक्षरं बघा, ती चिनी-जपानी नाहीत. ती सिद्धम लिपी आहे, आपल्या ब्राह्मीच्या घराण्यातली, बाराशे वर्षांपूर्वी बौद्ध भिक्षूंबरोबर चीनमार्गे जपानला गेलेली. बऱ्याच फळ्यांवर वरून खाली पाच अक्षरं असतात, ख, ह, र, व, अ. म्हणजे आकाश, वायू, अग्नी, जल, पृथ्वी. खाचा आहेत त्या पण याच पाचांच्या आकाराच्या. फळी नवीन असेल तर शाई काळीभोर असते, दोन-चार पावसाळे झाले की लाकूड करडं पडतं आणि अक्षर जेमतेम ओळखू येतं. देवनागरी वाचणाऱ्या माणसाला थोडा वेळ बघितलं की र आणि व ओळखीचे वाटायला लागतात. गाईडला विचारा, तो तुम्हाला जपानी उच्चार सांगेल, तुम्ही त्याला आपला सांगा, मग बघा त्याला किती आनंद होतो ते. फोटो मात्र थडग्यांचे काढू नका, नावं असतात, घरची माणसं येत असतात. फळीचा अगदीच हवा असेल तर नाव येणार नाही असा वरच्या टोकाचा, तोही गाईडला विचारून.

कब्रस्तानातून दक्षिणेला बाहेर पडलं की चौकात कायाबा कॉफी. घर १९१६ चं, कॅफे १९३८ पासून, मधे २००६ ला बंद पडला होता, २००९ मधे परत सुरू केला. अंड्याचं सँडविच प्रसिद्ध आहे. समोरच १९१० मधे बांधलेलं दारूचं जुनं दुकान म्युझियम म्हणून ठेवलंय. जवळच एक जुनं सार्वजनिक स्नानगृह आहे, कौलं, धुराडं सगळं तसंच, १९९३ पासून आत आर्ट गॅलरी आहे, पण ती दुपारी उघडते त्यामुळे सकाळी बाहेरूनच बघून पुढं.

थोडं पश्चिमेला तीन रस्ते मिळतात तिथं एक प्रचंड झाड दिसेल. आपला देवदार आहे, हिमालयातला. असं सांगतात की समोरच्या पावाच्या दुकानवाल्यांच्या घरी तो आधी कुंडीत होता. आता त्याच्या फांद्यांनी अख्खं तिठं झाकलंय आणि दुकान त्याच्या बुंध्याशी अगदी लहान दिसतं. इथं लोक फोटोसाठी रस्त्याच्या मधोमध उभे राहतात, तसं करू नका, गाड्या येतात.

तिथून देवळांच्या गल्ल्यांनी उत्तरेला. कान्नोनजी देवळाची मातीची भिंत येते, कौलांचे थर आणि मातीचे थर एकावर एक रचलेली, बराच लांब जाते. या गल्ल्यांमधे गाईड एक गोष्ट दाखवेल, नाही दाखवली तर तुम्ही विचारा. गल्लीची रुंदी घरागणिक बदलते. जुनं लाकडी घर अगदी रस्त्याला टेकलेलं आणि त्याला लागून असलेलं नवं घर हातभर मागं. जपानच्या १९५० च्या कायद्यानुसार चार मीटरपेक्षा अरुंद रस्त्यावर घर पाडून नवीन बांधायचं तर गल्लीच्या मध्यापासून दोन मीटर जागा सोडावी लागते, भूकंप झाला, आग लागली तर बंब आत यावा म्हणून. त्यामुळे गल्लीच्या भिंतीची रेघ जिथं जिथं आत-बाहेर होते तिथं तिथं कळतं की कुठलं घर जुनं आणि कुठलं नंतर बांधलेलं. मागं सोडलेल्या त्या पट्टीत मग कुंड्या येतात, थर्मोकोलच्या मासळीच्या खोक्यात लावलेली मिरचीची रोपं सुद्धा. अजूनही काही ठिकाणी हातपंप आहेत. आणि सगळ्या गल्ल्या चार मीटरच्या झाल्या की ही वस्ती अशी राहणार नाही, आणि नाही झाल्या तर आगीची भीती आहेच, इथले लोक वर्षानुवर्षं या पेचात राहताहेत. यावर गाईडला त्याचं मत विचारा, वॉकमधलं सगळ्यात चांगलं बोलणं इथंच होतं.

मग असाकुरा म्युझियम. असाकुरा फुमिओ (१८८३ ते १९६४) हा शिल्पकार इथं राहायचा आणि इथंच काम करायचा, १९३५ चं घर आहे. तिकीट ५०० येन. बाहेरून काळं, काँक्रीटचं, आत शिरलं की उंच स्टुडिओ आणि त्याला जोडून लाकडी जपानी घर, मधोमध पाण्याची बाग, मोठमोठे दगड पाण्यात. प्रत्येक खोलीतून ते पाणी वेगळं दिसतं. त्याला मांजरांचं भारी वेड होतं, मांजरांच्या ब्राँझच्या मूर्तींची एक खोली आहे, एक मांजर नुसतं मानगुटीला धरून उचललंय, त्याचं लोंबणारं अंग बघा, वजन जाणवतं. गच्चीवर बाग आहे, चुकवू नका. इथं घाई केलेली मला अजिबात पटत नाही, गाईडला आधीच सांगून एक तास मागून घ्या. बऱ्याच टूर हे म्युझियम वगळतात कारण वेळ जातो, मग वॉक संपल्यावर एकटे परत या, पण या.

म्युझियमपासून जवळच युयाके दानदान, संध्याकाळचं ऊन पायऱ्यांवर येतं म्हणून प्रसिद्ध, ३६ पायऱ्या, पश्चिमेकडे तोंड. खाली यानाका गिंझा, साठेक दुकानांची छोटीशी बाजारगल्ली. आईबाबांचे गुडघे दुखत असतील किंवा बाबागाडी असेल तर शेजारचा शिचिमेनझाका उतार घ्या. मावळतीचा फोटो हवाच असेल तर अख्खा वॉक उलटा करा, दुपारी नेझूवरून सुरू करून निप्पोरीला संपवा, फक्त मग असाकुराचं शेवटचं एन्ट्रीचं टायमिंग (चार वाजता) सांभाळायला लागतं.

शाकाहारी लोकांनी इथं काय खायचं

यानाका गिंझामधे सगळ्यात मोठी रांग मेंची-कात्सूला असते, तो खिम्याचा तळलेला कटलेट आहे, दिसायला बटाटेवड्याच्या जवळचा वाटला तरी आत गोमांस किंवा डुकराचं मांस असतं. बटाट्याचा कोरोक्के दिसला तरी बऱ्याचदा त्यात खिमा असतो आणि तेल तेच. सोबा नूडल्स नुसत्या पिठाच्या असल्या तरी सोबतचं पाणी दाशीचं, म्हणजे माशापासून केलेल्या साराचं. साध्या दिसणाऱ्या सेनबेईवर (तांदळाची कुरकुरीत बिस्किटं) पण कधी कोळंबीची पावडर. मग उरतं काय तर गोड: लाल बीन्सच्या पुरणाचे दांगो म्हणजे तांदळाच्या पिठाचे गोळे, ताइयाकी म्हणजे माशाच्या आकाराचा पुरण भरलेला केक (यात अंडं असू शकतं, विचारा), उन्हाळ्यात काकिगोरी म्हणजे बर्फाचा गोळा पण फळांच्या घट्ट रसाचा, थंडीत भाजलेलं रताळं. निप्पोरीजवळ १८१९ पासूनचं दांगोचं दुकान आहे, तिथले पुरणाचे दांगो खाऊन बघाच. कडक शाकाहारी असाल तर पोटभर नाश्ता करून निघा आणि पिशवीत ठेपले, चिवडा ठेवा, खायचं मात्र बाकावर बसून. आणि गाईडकडून जपानीत एक चिठ्ठी लिहून घ्या की मांस, मासे, माशाचं पाणी, अंडं चालत नाही, ती पुढच्या सगळ्या ट्रिपमधे कामाला येते.

विकत घेतलेलं खाताना चालायचं नाही. दुकानाच्या बाजूला उभं राहून खायचं, काडी किंवा कागद त्याच दुकानात परत द्यायचा, ते हसतमुखानं घेतात.

उतारावरून नेझूकडे

गिंझा संपली की आडवा योमिसे-दोरी रस्ता लागतो, तिथून डावीकडे दक्षिणेला चालायचं. तुम्ही आता नदीवरून चालताय. आइझोमे नावाची छोटी नदी इथून वाहत शिनोबाझू तळ्यात जायची, पुराचा त्रास व्हायचा म्हणून शंभरेक वर्षांपूर्वी ती जमिनीखाली घातली. थोडं पुढं वाटेत १८६४ पासूनचं चियोगामी कागदाचं दुकान आहे, इसेतात्सू, लाकडी ठशांचे छापील कागद, हलके, सपाट, नातेवाइकांना द्यायला यापेक्षा चांगली वस्तू टोकियोत मला माहीत नाही. मग लागतो हेबीमिची, सापासारखा वळत जाणारा रस्ता, एकामागून एक वळणं, कारण तो नदीच्याच वळणांवर बसलाय. मजा म्हणजे ही नदी वॉर्डांची हद्द होती, म्हणून आजही एका बाजूच्या घरांच्या पत्त्याच्या पाट्या तैतो वॉर्डच्या आणि समोरच्या बुनक्यो वॉर्डच्या. पाट्या वाचता येत नसतील तर गाईड दाखवेल. इथं लोक राहतात, एका रांगेत चाला, उघड्या दारातून आत डोकावू नका, आणि फोनवर व्हिडिओ चालू ठेवून तर अजिबात फिरू नका, नावाच्या पाट्या आणि वाळत घातलेले कपडे सगळं त्यात येतं.

शेवट नेझूच्या देवळात. हे शिंतो देऊळ, आजच्या इमारती १७०६ च्या, पाचव्या शोगुननं बांधलेल्या आणि आग, भूकंप, युद्ध सगळ्यातून सबंध राहिलेल्या. आधी हात धुवायचे, मग नाणं टाकून दोनदा वाकायचं, दोन टाळ्या, परत एकदा वाकायचं. बौद्ध देवळात टाळ्या वाजवत नाहीत, तिथं नुसते हात जोडायचे, सकाळपासून बुद्धाच्या देवळात फिरल्यामुळे हा फरक इथं विसरतो. बाजूला लाल तोरींचा, म्हणजे देवळाच्या कमानींचा, बोगदा आहे, क्योतोच्या अशाच बोगद्यातल्या गर्दीच्या तुलनेत इथं निवांत. उंच माणसांनी डोकं सांभाळा, तोरी बुटक्या आहेत.

गाईडचा निरोप घेताना टिप द्यायची नसते, दिली तर माणूस अवघडतो. (टिपवर चालणाऱ्या फ्री टूर असतात, तिथं मात्र द्यायची असते, पाकिटात घालून.) घरून लोणावळ्याच्या चिक्कीचं एक पाकीट न्या, दोन हातांनी द्या. आणि घरी आल्यावर रिव्ह्यू लिहा, छोट्या गाईडला त्याचाच आधार असतो, फक्त कुठल्या बोळात कुठलं घर असे पत्ते त्यात टाकू नका.

अजून पाय चालत असतील तर नेझूवरून पंधरा-वीस मिनिटांवर शिनोबाझू तळं आहे, मधल्या बेटावर बेंतेनचं देऊळ. बेंतेन म्हणजे आपली सरस्वतीच, हातात वीणेऐवजी बिवा हे जपानी तंतुवाद्य. दर जानेवारीच्या पहिल्या दहा दिवसांत उत्तरेकडच्या ताबातापासून यानाकावरून इथंपर्यंत सात देवांची पायी यात्रा असते, त्या दिवसांत टोकियोत असाल तर गाईडला तोच रूट घ्यायला सांगा, एरवी बंद असलेल्या काही देवळांचे दरवाजे तेव्हा उघडे मिळतात. नाहीतर नेझू स्टेशन देवळापासून पाच-सात मिनिटांवर आहे, चियोदा लाइन पकडा, आणि संध्याकाळी साडेपाच ते सात मुलांना घेऊन त्या ट्रेनमधे चढू नका, उभं राहायला सुद्धा जागा नसते.